भुईमुगाच्या गावातून आलेलं पत्र



हातातलं काम थांबवू नका. कुणी शेंगा फोडत असेल, कुणी भाकरी थापत असेल, कुणी गोधडीला टाके घालत असेल. काम करता करताच ऐका. आज ज्या बाईची गोष्ट सांगणार आहे, तिच्या सिनेमातल्या बायकाही अशाच काम करता करता बोलतात.

तिचं नाव साफी फाय. आपण तिला साफीबाई म्हणू. आफ्रिका खंडाच्या पश्चिम टोकाला, समुद्राच्या काठी सेनेगल नावाचा देश आहे. साफीबाई तिथल्या. सहारा वाळवंटाच्या दक्षिणेला आफ्रिकेचा मोठा भाग पसरलेला आहे. त्या सगळ्या भागातल्या एखाद्या बाईने काढलेला पूर्ण लांबीचा सिनेमा रीतसर बाजारात येऊन लोकांना दाखवला गेला, असं पहिल्यांदा घडलं ते साफीबाईंच्या सिनेमामुळे. साल होतं १९७५. आणि सिनेमा कशावर? भुईमुगावर. शेतकऱ्याच्या कर्जावर. पैशावाचून अडलेल्या एका लग्नावर.

आता तुम्ही म्हणाल, एवढ्या लांबच्या देशात भुईमूग कुठून आला? तर ऐका.

सेनेगलमध्ये पाऊस वर्षातून तीन-चार महिनेच पडतो. जमीन रेताड. तिथलं मूळचं पोटाचं पीक बाजरी. हो, आपली बाजरीच. बायका ती उखळात मुसळाने कांडतात, आणि तिचा रवाळ कुसकुस करून वाफवतात. या देशावर फ्रान्सचं राज्य होतं. फ्रान्सला साबणासाठी आणि खाण्यासाठी तेल हवं होतं, तिकडे तेलाच्या मोठ्या गिरण्या उभ्या राहत होत्या. मग साधारण १८४० पासून सेनेगलमध्ये भुईमूग वाढवला गेला. बंदरं त्याच्यासाठी, आगगाडी त्याच्यासाठी. डाकार ते सेंट लुई हा लोहमार्ग १८८५ मध्ये सुरू झाला तो बराचसा भुईमूग वाहण्यासाठीच. सरकार कर मागायचं रोख पैशात. रोख पैसा मिळायचा भुईमुगातून. म्हणजे भुईमूग लावायचा की नाही, हे शेतकऱ्याच्या मर्जीवर राहिलंच नाही. बाजरीची जमीन भुईमुगाकडे गेली आणि घरात खायला बाहेरून आणलेला तांदूळ आला.

१९६० मध्ये देश स्वतंत्र झाला. पण भुईमूग तसाच राहिला. आता माल घेणारं होतं आपलंच सरकार. १९६६ मध्ये एक सरकारी मंडळ निघालं. बी, खत, अवजारं ते उधारीवर देणार आणि पीक आलं की माल घेऊन उधारी कापून घेणार. पाऊस चांगला असेल तोवर हे रेटत गेलं. पण १९६८ पासून त्या सगळ्या पट्ट्यात दुष्काळ पडला तो पाच-सहा वर्षं हटेना. त्याच सुमाराला फ्रान्सने भुईमुगाला दिलेला चढा भावही काढून घेतला. पीक नाही, भाव नाही, उधारी मात्र उभीच. तरणी पोरं गाव सोडून डाकार शहराकडे निघाली.

हे सगळं घडत होतं तेव्हा त्याचं चित्र कोण काढत होतं? इथे जरा थांबू या, कारण साफीबाईंचं मोठेपण इथेच कळतं.

फ्रेंच राज्यात १९३४ मध्ये एक हुकूम निघाला होता. वसाहतीत सिनेमा काढायचा तर सरकारची परवानगी घ्यायची, गोष्ट आणि माणसं आधी तपासून घ्यायची. आफ्रिकेच्या माणसाला स्वतःच्या गावात कॅमेरा लावणं त्यामुळे जवळजवळ अशक्य झालं. १९५५ मध्ये पॉलँ व्हिएरा आणि त्यांच्या सोबत्यांनी आफ्रिकी लोकांवर एक छोटा सिनेमा काढला, तो पॅरिसमध्ये काढावा लागला, कारण आफ्रिकेत काढायला मुभा नव्हती. गोरे लोक मात्र येत, आफ्रिकेचे नाच, पूजा, शिकार टिपून नेत. स्वातंत्र्यानंतर उस्मान सेंबेन नावाचे लेखक पुढे आले. ते आधी गोदी कामगार होते. त्यांनी १९६३ मध्ये डाकारच्या एका गाडीवानावर वीस मिनिटांचा सिनेमा काढला. तिथून सेनेगलच्या माणसाने सेनेगलची गोष्ट सांगायला सुरुवात झाली. पण कॅमेऱ्याच्या मागे बाई? ती अजून नव्हती.

साफीबाईंचा जन्म २२ नोव्हेंबर १९४३ चा, डाकारचा. घराणं सेरेर समाजाचं. मूळ गाव फादियाल, डाकारच्या दक्षिणेला. त्या शिकल्या, शिक्षिका झाल्या, डाकारमध्ये पोरांना शिकवू लागल्या. १९६६ मध्ये डाकारला काळ्या लोकांच्या कलांचा मोठा जागतिक महोत्सव भरला. तिथे त्यांची गाठ पडली ज्याँ रूश या फ्रेंच माणसाशी. रूश पश्चिम आफ्रिकेत फिरून लोकांच्या चालीरीतींवर सिनेमे काढत. त्यांनी साफीबाईंना आपल्या एका सिनेमात काम दिलं. त्या सिनेमात गंमत अशी, की आफ्रिकेचे लोक पॅरिसला जातात आणि भर रस्त्यात गोऱ्या माणसांची मापं घेतात. ज्यांनी आजवर आमची डोकी मोजली, त्यांची डोकी आता आम्ही मोजतो!

पण रूश यांच्यावरही आफ्रिकी लोकांचा राग होता. सेंबेन यांनी त्यांना तोंडावर सुनावलं होतं, की तुम्ही आमच्याकडे किड्यामुंग्यांकडे बघावं तसं बघता. साफीबाईंनी यातून दोन्ही घेतलं. हलका कॅमेरा खांद्यावर घेऊन खऱ्या माणसांत जाता येतं, हे रूश यांच्याकडे दिसलं. आणि बघणारा जर घरचा असेल तर चित्रच बदलेल, हे त्यांचं त्यांना उमजलं.

त्या पॅरिसला गेल्या. एकीकडे मानववंशशास्त्र शिकायला लागल्या, म्हणजे माणसांचे समाज कसे जगतात याचं शास्त्र. दुसरीकडे लुई ल्युमिएर या नावाजलेल्या शाळेत सिनेमाचं तंत्र शिकल्या. खर्चासाठी कपड्यांच्या जाहिरातीत उभं राहिल्या, नटी म्हणून काम केलं, सिनेमाला लागणारे आवाज तयार करण्याचं कामही केलं. १९७२ मध्ये त्यांनी पहिला छोटा सिनेमा केला. त्यात एक आफ्रिकी बाई पॅरिसच्या रस्त्याने चालते आणि पुरुष तिच्याकडे बघतात. चालणारी बाई साफीबाई स्वतःच. परक्या नजरा अंगावर घेत रस्त्याने जाणं काय असतं, ते सांगायला त्यांना फार शब्द लागले नाहीत.

आणि मग त्या आपल्या गावी परतल्या, सिनेमा घेऊन.

त्या सिनेमाचं नाव 'काद्दू बेयकात'. वोलोफ भाषेत याचा अर्थ शेतकऱ्याचा आवाज. फ्रेंच सरकारच्या एका खात्याकडून थोडे पैसे मिळाले होते. माणसं मोजकी. कॅमेरा सोळा मिलिमीटरचा, चित्र काळं-पांढरं. कॅमेरा चालवला पॅट्रिक फॅब्री यांनी. कुठे उभं राहायचं, काय बघायचं आणि किती वेळ बघायचं, हे साफीबाईंनी ठरवलं.

आता त्या काळी हे काम कसं चालायचं ते सांगते, म्हणजे त्यातली मेहनत कळेल. आज आपण मोबाइल उचलतो आणि हवं तेवढं चित्रण करतो. नाही आवडलं की पुसून टाकतो. तेव्हा चित्र उतरायचं फिल्मच्या पट्टीवर. शंभर फुटांचं रीळ घातलं तर पावणेतीन मिनिटांत संपायचं. चारशे फुटांचं रीळ अकरा मिनिटं. रीळ महाग. आवाज वेगळ्या यंत्रावर टेपवर घ्यायचा आणि मागाहून चित्राशी जुळवायचा. फिल्म धुवायला दूर प्रयोगशाळेत पाठवायची. तोवर आपण काय टिपलं, ते दिसायचंही नाही. ऊन डोक्यावर आलं की काळ्या कातडीच्या चेहऱ्यावर सावली पडून डोळे हरवतात, आणि मागची रेती मात्र पांढरीफटक उजळते. म्हणून उजेडाचा अंदाज आधी बांधायचा. एकेक मिनिट जपून वापरायचं.

असं असताना साफीबाईंनी काय केलं? शहाण्यासुरत्या माणसांनी सांगितलं असतं, की रीळ महाग आहे, पटापट गोष्ट सांगून मोकळे व्हा. त्यांनी उलट केलं. कॅमेरा एका जागी ठेवला आणि माणसांना त्यांच्या चालीने काम करू दिलं. पेरणी, खुरपणी, मुसळाचा ठोका, पाण्याची खेप, संध्याकाळी झाडाखाली बसलेली म्हातारी माणसं. काम जितका वेळ घेतं तितका वेळ चित्राने घ्यायचा. सवंग सिनेमात बाई हंडा घेऊन येताना एकदा दिसली की संपलं. साफीबाईंच्या सिनेमात तो हंडा किती वेळ डोक्यावर आहे, ते आपल्या मानेला कळतं.

दुसरी गोष्ट, नटनट्या नाहीत. गावचेच लोक. त्यांच्यापुढे विषय ठेवायचा आणि बोलणं त्यांचं त्यांना करू द्यायचं. पाठ केलेली वाक्यं नाहीत. साफीबाई त्यांची भाषा बोलत होत्या, नात्यात होत्या. म्हणूनच ते बोलले. झाडाखालची म्हातारी मंडळी पिकाबद्दल, कराबद्दल, उधारीबद्दल बोलतात ते ऐकताना कुठल्याही गावच्या पारावर बसल्यासारखं वाटतं.

तिसरी गोष्ट, सगळा सिनेमा पत्रासारखा आहे. साफीबाई स्वतःच्या आवाजात आपल्या गावाबद्दलचं पत्र वाचतात. माझं गाव, माझी माणसं, त्यांचा दिवस असा उगवतो आणि असा मावळतो. बाहेरून आलेला माणूस अहवाल लिहितो. घरची लेक पत्र लिहिते. दोन्हींत फरक असतो, तो तुम्हाला सांगायला नको.

गोष्ट अगदी साधी. एन्गोर नावाच्या तरुणाला कुंबाशी लग्न करायचंय. त्यांच्याकडे मुलाने मुलीच्या घरी देज द्यायची रीत. पण पाऊस रुसला, भुईमूग बुडाला, पैसा नाही. एन्गोर कामाला डाकारला जातो. शहरात त्याला राबवून घेतलं जातं, हातात काही उरत नाही. तो गावी परत येतो आणि आपल्यावर काय गुदरलं ते बाकीच्या पुरुषांना सांगतो. इथे कुणी खलनायक नाही, मारामारी नाही. सगळा घोळ एका पिकात आणि उधारीच्या वहीत आहे.

या सिनेमात साफीबाईंचे आजोबाही आहेत. चित्रण संपलं आणि अवघ्या अकरा दिवसांनी ते गेले. सिनेमा त्यांनी आजोबांनाच अर्पण केला. विचार करा, बारा दिवस उशीर झाला असता तर तो चेहरा, तो आवाज कुठेच उरला नसता.

बर्लिनच्या महोत्सवात १९७६ मध्ये जगभरच्या समीक्षकांनी या सिनेमाचा गौरव केला. फ्रान्समध्येही त्याला मानाचा पुरस्कार मिळाला. आणि सेनेगलमध्ये? सेनेगलमध्ये त्याच्यावर बंदी आली. त्या वेळचे राष्ट्राध्यक्ष लिओपोल्ड सेंघोर हे मोठे कवी होते, आणि तेही सेरेर समाजाचेच होते. आफ्रिकेच्या संस्कृतीचा गौरव करणारे. पण गावचा शेतकरी कॅमेऱ्यासमोर बसून सरकारच्या भुईमूग धोरणाचा हिशेब मांडतो, हे त्यांच्या राजवटीला झेपलं नाही. ज्या मंडळाच्या उधारीबद्दल गाव बोलत होतं, ते मंडळ पुढे १९८० मध्ये कर्जात आणि गैरकारभारात बुडून बंदच करावं लागलं. म्हणजे पारावरची माणसं खरंच बोलत होती.

साफीबाई थांबल्या नाहीत. १९७९ मध्ये त्यांनी गावाच्या नावाचाच सिनेमा काढला, 'फादियाल'. त्याची सुरुवात बघण्यासारखी आहे. शाळेत पोरं फ्रान्सचा राजा चौदावा लुई याचा धडा घोकताहेत. शाळा सुटते, पोरं धावत सुटतात आणि झाडाखाली आजोबांभोवती बसतात. आजोबा आपल्या गावाचा इतिहास सांगतात. हे गाव कुणी वसवलं, कुठली कुळं कुठून आली, दुष्काळ कधी पडले. गावच्या सांगण्याप्रमाणे हे गाव वसवलं एका बाईने. पुस्तकात परका राजा, आणि गाव वसवणारी बाई मात्र पुस्तकात नाही!

या इतिहासाला एक रोकडा अर्थही होता. सेनेगलमध्ये १९६४ मध्ये कायदा झाला होता. ज्या जमिनीचा कागद कुणाच्या नावावर नाही, ती राष्ट्राची. कसणाऱ्याने कसावी, पण सरकारला लागली तर सरकार घेणार. आता पिढ्यानपिढ्या कसलेल्या जमिनीचा कागद गावकऱ्यांकडे कुठून असणार? त्यांच्याकडे होती ती आठवण. अमक्या आजीने इथे झाड लावलं, तमक्याच्या पणजोबांनी हा माळ साफ केला. म्हणून आजोबा सांगतात आणि पोरं ऐकतात, हा नुसता गोष्टीचा तास नाही. तो गावचा सातबारा आहे म्हणा ना. त्याच वर्षी साफीबाईंना सेरेर लोकांच्या धर्मश्रद्धांवरच्या अभ्यासासाठी पॅरिस विद्यापीठाची डॉक्टरेट मिळाली. शिक्षण आणि सिनेमा त्यांनी असे एकाच दाव्याला बांधले होते.

मग आला १९८० नंतरचा छोटा सिनेमा, अर्ध्या तासाचा, 'सेल्बे'. मला तो सगळ्यांत जवळचा वाटतो. सेल्बे चाळिशीला टेकलेली, बऱ्याच लेकरांची आई. पावसाळा संपला की गावचे पुरुष कामाच्या शोधात शहराकडे जातात. कधी पैसे येतात, कधी माणूसच तेवढा परत येतो, रिकाम्या हाताने. घर कोण चालवतं? सेल्बे. पाणी, सरपण, कांडण, स्वयंपाक, काहीबाही विकून आणलेले चार पैसे, आजारी पोर. साफीबाई कॅमेऱ्याच्या मागून तिला विचारतात आणि ती हात चालवता चालवता उत्तर देते. दोन बायका बोलतात तसं. सिनेमाच्या मूळ नावातच साफीबाईंनी सांगून ठेवलंय, की सेल्बे आणि तिच्यासारख्या कितीतरी. त्यांना एक दुःखी बाई दाखवायची नव्हती. गावोगावचा न मांडलेला हिशेब दाखवायचा होता. सरकारच्या वहीत भुईमुगाची पोती मोजली जात. ती पोती पिकवणाऱ्या माणसाला जेवू घालणारे हात कुठल्या रकान्यात?

शेवटचा मोठा सिनेमा 'मोसान'. चौदा वर्षांची मोसान, गावातली सगळ्यांत देखणी पोर. जन्मली तेव्हाच तिचं लग्न परदेशी कमवणाऱ्या दियोगोयशी ठरवून टाकलेलं. तिचा जीव जडलाय फारा नावाच्या गरीब विद्यार्थ्यावर. आईबापांना परदेशातून येणारा पैसा, भेटी दिसतात. ऐन लग्नात मोसान नाही म्हणते, पळून जाते आणि जीव गमावते. हा सिनेमा रंगीत आहे, समुद्रकाठचा उजेड त्यात भरून राहिलाय. कॅमेरा जर्मनीच्या युर्गेन युर्गेस यांचा. चित्रण १९९० च्या सुमारास झालं, पण हक्कांवरून निर्मात्याशी वाद निघाला, प्रकरण कोर्टात गेलं. सिनेमा लोकांपुढे आला १९९६ मध्ये, फ्रान्सच्या कान महोत्सवात. आपण काढलेलं चित्र आपल्याच ताब्यात यावं म्हणून बाई वर्षानुवर्षं भांडत राहिली. त्यानंतर त्यांच्याकडून दुसरा मोठा सिनेमा झाला नाही. त्या वर्षांत आणखी दोन गावं, आणखी चार सेल्बे टिपल्या गेल्या असत्या, असं मनात आल्यावाचून राहत नाही.

२२ फेब्रुवारी २०२३ रोजी पॅरिसमध्ये साफीबाई गेल्या. वय ७९. त्याआधी २०१८ मध्ये 'फादियाल'ची जुनी फिल्म नीट करून तो सिनेमा पुन्हा कान महोत्सवात दाखवला गेला होता. ज्या झाडाखाली आजोबा बोलत होते ते झाड, ती पोरं पुन्हा पडद्यावर आली. ती पोरं आता पन्नाशीच्या आसपास असतील.

मैत्रिणींनो, साफीबाईंना पैसे कमी पडले, रीळ कमी पडलं, स्वतःच्या देशात बंदी सोसावी लागली. आपल्यापैकी बहुतेकींच्या घरात आज मोबाइल आहे आणि त्यात रिळाची काटकसर नाही. म्हणून एक काम सुचवते. पुढच्या मासिक बैठकीला हप्ते आणि सह्या झाल्या की अर्धा तास काढा. गटातल्या सगळ्यांत वयस्कर आजीला मध्ये बसवा. मोबाइल हलणार नाही असा डब्याला टेकवून ठेवा, आजीच्या चेहऱ्यावर खिडकीचा उजेड येऊ द्या. पण आधी तिला विचारा, की हे ठेवून घेऊ का, कुणाला दाखवू का. ती हो म्हणाली तरच सुरू करा. मग विचारा, की तुझं लग्न झालं तेव्हा या शिवारात काय पिकायचं, पाणी कुठून आणायचीस, दुष्काळात काय खाल्लंत. मधे बोलू नका. ती थांबली तर तुम्हीही थांबा. तिला निवडायला तांदूळ किंवा फोडायला शेंगा द्या, हाताला काम असलं की जीभ मोकळी होते.

आणि हे पुढच्या महिन्यावर ढकलू नका. साफीबाईंच्या आजोबांचे ते अकरा दिवस लक्षात असू द्या.

येते मी. नमस्कार.